कारंजटोल्याचा मुका सेट

१

विमलाबाईंची झोपडी खळ्याच्या कडेला होती. सकाळी ती तिथे नव्हती. बांबू, गवत, चुलीचे दगड आणि धानाच्या पेंढ्या एकाच चिखलात कालवल्या गेल्या होत्या, आणि त्या चिखलात परातीएवढे गोल ठसे उमटले होते. ठशांत पाणी साचले होते आणि त्या पाण्यात कार्तिकातले फिकट आभाळ उतरले होते. गावकऱ्यांनी विमलाबाईंना खाटेवर घालून रस्त्यापर्यंत नेले, तिथून जीपने बालाघाटच्या दवाखान्यात. त्यांचा पाय गुडघ्याखाली चिरडला होता. त्या वाचणार होत्या. चालणार होत्या की नाही, हे कोणी सांगत नव्हते.

त्याच चिखलात एका वायरलेस सेटचे तुकडे सापडले. त्याच्या पाठीवर पांढरी चिकटपट्टी होती आणि तिच्यावर पेनाने लिहिले होते : ‘केंद्र’.

लांजीहून पुढे गावातल्या राकेशच्या मोटारसायकलवर बसून कालिंदी सोनटक्के कारंजटोल्यात उतरल्या, तेव्हा वीरेंद्रने तो सेट त्यांच्यासमोर ठेवला आणि त्याच्या शेजारी दुसरा ठेवला. दुसरा अखंड होता, पण मुका. त्याच्या पाठीवरच्या पट्टीवर ‘महागू’ असे नाव होते.

“देखो मॅडम, सीधी बात है,” वीरेंद्र म्हणाला. तो ‘अरण्यसोबत’ या संस्थेचा नवा पर्यवेक्षक; बालाघाटातच वाढलेला, अंगावर इस्त्रीचा सदरा आणि डोळ्यांखाली न झोपल्याच्या खुणा. “महागूकाकांनी आपला सेट कुठेतरी आपटला, भिजवला. मग चुपचाप केंद्राचा सेट उचलून मचाणावर घेऊन गेले. आणि आपला बंद सेट केंद्राच्या जागेवर ठेवून दिला. मग त्यांची हाक ऐकणार कोण? विमलाबाई त्यांची सगी बहीण आहे हो.”

डोंगराआड असलेल्या या गावात मोबाइल चालत नसे. छत्तीसगडाच्या बाजूने हत्ती उतरू लागले तेव्हा संस्थेने तीन सेट दिले होते : एक शाळेच्या उंच खिडकीत, तेच केंद्र, दुसरा नाल्यावरच्या मचाणावर महागू मानकरकडे, तिसरा टेकडीपलीकडे राखण करणाऱ्या राकेशकडे. टेकडी मध्ये असल्यामुळे महागूची हाक राकेशला पोचत नसे. ती केंद्राने ऐकायची आणि केंद्राने घंटा वाजवून गाव उठवायचे.

त्या रात्री घंटा वाजली नाही.

“आज उन्हं उतरली की शाळेत बैठक आहे,” वीरेंद्र म्हणाला. “गाव म्हणतंय, महागूकाकांना इथे ठेवायचंच नाही.”

२

कालिंदीबाईंचे सारे आयुष्य पोलिसांच्या बिनतारी खात्यात, कानाला हेडफोन लावून गेले होते. निवृत्तीनंतर त्यांच्या घरात इतकी शांतता साचली होती की संस्थेने या सेटांची देखभाल कराल का, असे विचारताच त्यांनी दुसरा प्रश्न न करता होकार दिला. तिन्ही सेटांत वाहिन्या आणि क्रमांक त्यांनीच भरले होते : केंद्राला एक, महागूला दोन, राकेशला तीन. दिसायला सेट जुळ्या भावंडांसारखे. आतल्या क्रमांकाच्या चिठ्ठ्या घामाने केव्हाच पुसल्या गेल्या होत्या. फरक एकच आणि तोही पोटातला : महागूचा सेट मागाहून घेतलेला, आपण कुठे आहोत ते सांगू शकणारा. पुढच्या आठवड्यापासून त्याचा ठावठिकाणा बालाघाटच्या कार्यालयात दिसावा, म्हणून नवी फाइलही आली होती.

“ती घातलीत का त्याच्या सेटमध्ये?” त्यांनी विचारले.

“कुठे मॅडम! टाइमच नाही मिळाला. मी तर हातही नाही लावला.”

कालिंदीबाईंनी मुक्या सेटची कळ फिरवली. काहीच झाले नाही. “मंजू, भरलेली बॅटरी दे बघू एखादी.”

मंजू ही केंद्र सांभाळणारी मुलगी. बैठकीला पाणी ठेवायचे म्हणून ती घागरी लावत होती. तिने चार्जिंगच्या फळीवरून हाताला लागली ती बॅटरी काढून दिली आणि पुन्हा घागरींकडे वळली. बॅटरीवर ‘राकेश’ असे लिहिलेले होते.

बॅटरी बदलूनही सेट मुकाच राहिला. मग कालिंदीबाईंनी तो उन्हाकडे धरला. कारंजटोल्याची लाल धूळ प्रत्येक वस्तूच्या फटीत जाऊन बसते. या सेटच्या कडांनाही ती होती. पण तारेचे भोक झाकणाऱ्या रबरी टोपणाभोवती धुळीची रेघ तुटलेली होती. टोपण नुकतेच कोणीतरी उघडले होते.

त्यांनी बोलण्याचे बटण आणि त्याच्यावरचे छोटे बटण एकत्र दाबून धरले आणि कळ पुन्हा फिरवली.

माथ्यावरचा दिवा लुकलुकला. लाल, हिरवा, लाल, हिरवा.

“दिवा लागतो, म्हणजे हा आतून जिवंत आहे. हा भिजलेला नाही,” त्या हळूच म्हणाल्या. “आपटलेलाही नाही. याला चालायचं कसं हे शिकवणारी मूळ आज्ञावली, फर्मवेअर म्हणतात ती, कोणीतरी तार लावून बिघडवली आहे.”

वीरेंद्रने घड्याळात पाहिले. मंजूच्या हातातली घागर जमिनीला लागली आणि अर्धे पाणी ओसरीवर सांडले.

३

महागू मानकर मोडलेल्या झोपडीजवळ उकिडवा बसून चिखलातला दाणा दाणा वेचून सुपात टाकत होता. ते धान आता कोणी खाणार नव्हते.

“महागूभाऊ, रात्री तुम्ही हाक दिली होती?”

“लोक म्हनतेत नाही देल्ली.”

“मी तुम्हाला विचारते आहे.”

त्याने आणखी एक दाणा सुपात टाकला. “देल्ली. लय डाव देल्ली. पन म्याडम, हात असा लटलट कापत होता. बटन दाबलं होतं का मी? का नुसताच वरडत होतो हवेत?” त्याने स्वतःच्या अंगठ्याकडे पाहिले, जणू तो दुसऱ्याचा होता. “मले तेच आठवून नाही राह्यलं. मंग सेट हातात घेऊनच पळालो इकडं. हत्ती आंगावर आला तं सुटला हातातून.”

“सेट कोणता नेला होता?”

“माहाच. शाळेतल्या खुटीवरचा.”

“त्याच्यावर केंद्राचं नाव आहे.”

“असन. मी अंधारात घेतो अन् अंधारात ठेवतो. नाव कोन वाचते?” त्याने सूप बाजूला सारले. “भाचा म्हने, मामा, आता तोंड नको दाखवू. नाही दाखवत. पन येवढं सांगा म्याडम, माही हाक गेलती का नाही? गेली नसन तं मी सोताच जातो गाव सोडून. बैठक कायले पायजे?”

पलीकडच्या सागवानात काहीतरी मोठे मोडल्याचा आवाज आला आणि दोघेही तिकडे पाहत राहिले. कळप अजून गेला नव्हता. आज अंधार पडण्यापूर्वी केंद्राला कान हवा होता, आणि राकेशचा सोडला तर उरलेला एकमेव सेट त्यांच्या पिशवीत मुका पडला होता.

४

राकेश गावात मोबाइलमध्ये गाणी भरून देण्याचे दुकान चालवी. त्याच्या टेबलावर तारांचा गुंता होता, आणि मचाणाच्या कामावरून महागूशी त्याचे भांडण झाल्याचे साऱ्या गावाला ठाऊक होते.

“त्या म्हाताऱ्याले वायरलेस कायले पायजे होता, मॅडम?” तो म्हणाला. “मचानावर जाते ते झोपाले. त्याचं घोरनं मले टेकडीच्या पलीकडं आयकू येते. हत्तीबी त्यालेच भेऊन गावात येत असतीन.”

“यातली तार सेटला लावून पाहिलीस कधी?”

राकेश हसायचा थांबला. “हौ. पाह्यली एकडाव. म्हनलं, गाने भरता आले तं भरू. बसतच नाही, तोंडच येगळं हाय.” त्याने एकेक तार पुढे केली. कालिंदीबाईंनी प्रत्येक लावून पाहिली. खरोखरच एकही बसेना.

“अन् मॅडम,” तो खाली पाहत म्हणाला, “मी भांडलो, खरं हाय. पन विमलाआत्याच्या हातची भाकर खाल्ली हाय मी. हे असं करन का मी?”

शाळेत मंजू खिडकीपाशी उभी होती. तिथेच केंद्राचा चार्जर होता. रिकामा असूनही त्याच्या कडेचा दिवा मंद जळत होता.

“रात्री इथला सेट चालू होता?”

“लाइट तं लागला होता, ताई.”

“लाइट चार्जरचा आहे. सेटचा नाही. संध्याकाळी बोलून पाहिलं होतंस?”

मंजू एकदम रडू लागली. “धान कापाले गेलती मी, ताई. याले उशीर झाला. लाइट दिसला, वाटलं चालू हाय. रोज बोलून पाहतो आमी, कालच नाही पाह्यलं. कोनाले सांगू नका. मले काढून टाकतीन. अन् विमलाकाकू...”

कालिंदीबाईंनी तिला बसवले, पाणी दिले. फळीवर एक बॅटरी भरत होती. मघाशी मंजूने न पाहता दिली तीच, ‘राकेश’ असे लिहिलेली. राकेशची बॅटरी इथे कशी, हा प्रश्न त्यांच्या मनात आता उठला.

“मंजू, राकेशकडे आत्ता कोणती बॅटरी आहे?”

“जे भरली असन ते.” मंजूने नाक पुसले. “ज्याले जे भेटली ते लावते. वीरेंद्रभाऊ म्हनतेत, अदलाबदल करू नका, बॅटरी खराब होते. पन करतोच आमी. नाहीतं अर्ध्या राती बंद पडते.”

“आणि काल सकाळी, केंद्राच्या सेटला?”

“त्याची उतरली होती. महागूकाका दिवसा झोपतेत, त्याहीची भरून होती. ते लावली. केंद्रवाली भराले ठेवली फळीवर.”

कालिंदीबाईंनी पिशवीतून मुका सेट काढला. सकाळी सापडला तेव्हा त्याला जी बॅटरी होती, ती त्यांनी पुन्हा जोडून ठेवली होती. खटका दाबून त्यांनी ती ओढली.

‘महागू’ हे नाव बॅटरीबरोबर सुटून त्यांच्या हातात आले. मागे उरलेल्या सेटवर कोणाचेच नाव नव्हते.

५

उन्हे उतरली. शाळेची ओसरी भरली. महागू सर्वांपासून दूर, खांबाला पाठ लावून बसला होता. विमलाबाईंचा मुलगा विवेक दवाखान्यातून नुकताच परतून त्याच्याकडे पाठ करून उभा होता.

कालिंदीबाईंनी आपला लॅपटॉप उघडला, सेटला तार जोडली आणि घसा साफ केला. चार माणसांसमोर बोलायची त्यांना सवय नव्हती. काळोखात न दिसणाऱ्या माणसांशी बोलणे त्यांना आयुष्यभर सोपे गेले होते.

“माझ्याजवळ दोन फाइली आहेत,” त्या म्हणाल्या. “एक साध्या सेटची, म्हणजे केंद्राच्या नाहीतर राकेशच्या. दुसरी ठावठिकाणा सांगणाऱ्या सेटची, म्हणजे महागूभाऊंच्या. राकेशचा सेट त्याच्या कमरेला आहे. तेव्हा हा मुका सेट एकतर महागूभाऊंचा आहे, नाहीतर केंद्राचा. बरोबर फाइल गेली, तर हा उठेल. चुकीची गेली, तर त्याची ओळख साठवलेली जागाही पुसली जाण्याची भीती आहे. मग हा कोणाचा होता, ते कोणालाच कधी कळणार नाही.”

“लेबल तो है ना, मॅडम,” वीरेंद्र म्हणाला. “महागूकाकांचा आहे. त्यांचीच फाइल टाका.”

“मी केंद्राची घालणार आहे.”

ओसरीत कुजबुज उठली. विवेक वळला. “मावशी, अन् चुकलं तं?”

“चुकलं, तर तुझ्या मामाच्या बाजूने बोलायला माझ्याजवळ काही उरणार नाही.”

महागूने डोळे मिटून घेतले. कालिंदीबाईंनी बटण दाबले. पडद्यावर एक निळी रेघ सरकू लागली. मध्यावर येऊन ती अडखळली. रानाच्या बाजूने फांदी मोडल्याचा आवाज आला. दोघे-तिघे उठून फाटकापाशी गेले. रेघ तशीच थबकली होती. तार हलू नये म्हणून कालिंदीबाईंनी ती बोटांनी धरून ठेवली.

रेघ हलली. सरकली. संपली.

त्यांनी तार काढली आणि कळ फिरवली. दिवा लागला नाही. कोणीतरी सुस्कारा सोडला. मग छोटा पडदा मंद उजळला आणि त्यावर आकडा उमटला.

एक.

“केंद्र,” मंजू पुटपुटली.

६

“हा सेट काल सकाळी या खिडकीत होता, रात्रीही इथेच होता,” कालिंदीबाई म्हणाल्या. आता त्यांचा आवाज स्थिर झाला होता. “महागूभाऊंनी तो नेलाच नाही. त्यांनी खुंटीवरचा आपला सेट उचलला आणि फळीवर भरलेली होती ती बॅटरी लावली. तिच्यावर केंद्राचं नाव होतं, एवढंच. नावं तुम्ही बॅटऱ्यांवर लिहिता, सेटांवर नाही.”

“हौ तं,” राकेश म्हणाला. “भांडन तं बॅटरीचंच असते. सेट तं सारे सारखेच.”

“सगळे सारखेच, असं तुम्ही मानता. म्हणून फुटक्या सेटवर केंद्राचं नाव दाखवलं तेव्हा कोणाला पुढे विचारावंसं वाटलं नाही.” त्या थांबल्या. “आता राहिला प्रश्न, याला मुका कोणी केलं. साध्या सेटमध्ये ठावठिकाण्याची फाइल घातली की तो असाच मरतो. ज्याने घातली, त्याला वाटलं की हा महागूभाऊंचा सेट आहे. असं का वाटलं? पाठीवर महागू लिहिलं होतं म्हणून. पण त्या नावावर विश्वास कोण ठेवील? मंजू नाही, ती बॅटरी तिनेच लावली होती. राकेश नाही, तो रोज दुसऱ्याच्या नावाची बॅटरी घेऊन जातो, आणि त्याची एकही तार याला बसत नाही. कारंजटोल्यातलं लहान मूलसुद्धा ती पट्टी पाहून सेट ओळखणार नाही.”

ओसरीतले सारे चेहरे हळूहळू एकाच माणसाकडे वळले.

वीरेंद्र आधी हसला. मग त्याच्या चेहऱ्यावरून ते हसू ओघळून गेले. “मॅडम, मी... दुपारी आलो होतो. इथे कोणीच नव्हतं. शाळेची एक किल्ली माझ्याकडे होती. लेबल पाहिलं, फाइल टाकली, और सेट बंद हो गया. घाबरलो. नोकरीला महिनाच झालाय. वाटलं, उद्या बालाघाटला नेऊन नीट करून आणीन. एका रात्रीत काय होणार आहे?”

“आणि चार्जरवर परत ठेवलात,” कालिंदीबाई म्हणाल्या.

“हां. मॅडम, सच बोलता हूं, सकाळी मला खरंच वाटलं की काकांनी केंद्राचा सेट नेला. आपला बंद दिसला म्हणून नेला असेल, असं वाटलं.”

“अन् बंद कोनं केला, ते नाही सांगतलं,” विवेक म्हणाला. तो ओरडला नाही. “माह्या मायचा पाय गेला. अन् आमी मामाले थुंकून राह्यलतो.”

राकेशने त्याचा दंड धरून ठेवला. वीरेंद्र उभ्या जागी खाली बसला आणि त्याने तोंड ओंजळीत लपवले. त्याला कोणी हात लावला नाही. त्याच्याजवळून लोक नुसते दूर सरकले.

कालिंदीबाईंनी उजळलेला सेट खिडकीतल्या चार्जरवर ठेवला. मंजू न सांगता तिथे जाऊन बसली. राकेशने आपला कमरेचा सेट काढून महागूपुढे धरला. “घे, बावा. आज मचानावर तू नको जाऊ, मी जातो. टेकडीकडं दुसरा कोनी पाहू. पन एकडाव बोलून पाहाय. केंद्र आयकते का नाही, पाहू.”

महागूने सेट घेतला नाही. “आयकनारंच मेलं होतं,” तो स्वतःशीच म्हणाला. “मंग माही हाक गेलती.”

“गेली होती,” कालिंदीबाई म्हणाल्या. “प्रत्येक वेळी गेली होती.”

७

दुसऱ्या दिवशी विवेकने मामाला मोटारसायकलवर बसवून बालाघाटला आणले. दवाखान्याच्या दारात महागूचे पाय अडले, तेव्हा कालिंदीबाईंनी त्याला कोपराला धरून आत नेले. विमलाबाईंचा पाय पांढऱ्या प्लास्टरमध्ये, जणू दुसऱ्याच कोणाचा असावा तसा, उशीवर ठेवला होता. उरलेली बाई फार लहान दिसत होती.

“आला का, दादा,” त्या म्हणाल्या. “विवेकनं सांगतलं सारं.”

महागू खाटेशेजारी उभाच राहिला.

“कोनाले बोलावत होता तू?”

“केंद्राले.”

“काय म्हनत?”

“आता कायले...”

“सांग न. मी तं नाही आयकलं.”

महागूने एकदा भाच्याकडे पाहिले आणि मग खिडकीबाहेर. सेटवर बोलायच्या नियमाप्रमाणे तो ताठ झाला. “केंद्र, केंद्र, मचान बोलून राह्यलो,” तो म्हणाला. “कोनी बोलेना. मंग नियम सुटला माहा. मंग मी तुलेच बोलावलं, विमले. म्हनलं, ऊठ वो. ऊठ, विमले. हत्ती तुह्याकडं येऊन राह्यले. धान राहू दे, तू ऊठ.”

विमलाबाईंनी डोळे मिटले होते. त्यांनी चादरीखालून हात बाहेर काढला आणि चाचपडत त्याचे मनगट धरले.

“हौ, दादा,” त्या म्हणाल्या. “आयकलं.”